फुल-कॉन्टॅक्ट स्पर्धेची जाहिरात सुरुवातीच्या यूएफसीसारखी करावी का?

तुम्ही विचारलंय की जिल्ह्यात पहिलीच फुल-कॉन्टॅक्ट, म्हणजे पूर्ण ताकदीनं ठोसे-लाथा मारायची स्पर्धा भरवताय, तर यूएफसीसारखी (अमेरिकेतली वेगवेगळ्या युद्धकलांच्या लढवय्यांची स्पर्धा) 'नियमच नाहीत' अशी जाहिरात करावी का, आणि प्रायोजक कुठून आणावेत. जाहिरातीचं आधी सांगतो: अजिबात करू नका.

यूएफसीची ती जाहिरात चालली, हे खरं. १२ नोव्हेंबर १९९३ ला अमेरिकेतल्या डेन्व्हरमध्ये आर्ट डेव्ही आणि रोरियन ग्रेसी या आयोजकांनी पहिल्या यूएफसीत आठ जण उतरवले. वजनगट नाहीत, बक्षीस ५०,००० डॉलर. पहिल्याच लढतीत सुमोवाल्या तैला तुलीचा दात उडाला. नाव झालं. पण मग सिनेटर जॉन मॅकेन यांनी याला माणसांची कोंबडझुंज म्हटलं, गव्हर्नरांना पत्रं लिहिली, केबल कंपन्यांनी प्रक्षेपण बंद केलं. फेब्रुवारी १९९७ चा कार्यक्रम ऐन वेळी न्यूयॉर्क राज्यातून उचलून अलाबामातल्या डोथनला न्यावा लागला. २००१ मध्ये अख्खी यूएफसी २० लाख डॉलरला विकली गेली. त्या जाहिरातीनंच धंदा बुडवला, असं माझं ठाम मत आहे.

आम्ही कराटे क्लासवाल्यांनी नव्वदच्या दशकात तालुक्याला अशीच स्पर्धा घेतली. माझ्या भागीदाराला त्या लढतींची कॅसेट कुठूनतरी मिळाली होती. त्यानं पत्रकावर रक्तबंबाळ चेहरा टाकला, खाली 'नियम नाहीत'. मी छापखान्यातच भांडलो. तरी पत्रकं रातोरात भिंतींवर लागली, आणि स्पर्धेच्या आदल्या दिवशी पोलीस ठाण्यातून बोलावणं आलं. साहेबांच्या टेबलावर तेच पत्रक. म्हणाले, परवानगी रद्द. नियमांचा कागद, डॉक्टरांचं पत्र, ग्लोव्हज, शिनगार्ड, सगळं घेऊन मी दिवेलागणीपर्यंत बाकावर बसून राहिलो. शेवटी एकही पत्रक दिसता कामा नये, या अटीवर परवानगी मिळाली. पोरं रात्रभर भिंती खरवडत होती.

हातात उरला रिक्षावरचा कर्णा. त्यावरून मी फक्त जोड पुकारायला लावली: आमच्याकडे किक-पंच शिकलेला तालमीतला पैलवान विरुद्ध आमचा ब्लॅक बेल्ट. वजनं बरोबरीची. दोघांची गावं, दोघांचे वस्ताद, बस. दोन्ही गावांतून ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या भरून आल्या. हलगी कडाडली तेव्हा मैदानात पाय ठेवायला जागा नव्हती, आणि जो तो आपल्या पोराच्या नावानं ओरडत होता. भागीदार आजही म्हणतो, गर्दी पत्रकानं आणली. अरे, गावाचं नाव पुकारल्यावर आलेली माणसं होती ती!

कुस्ती मैदानाची पत्रकं बघा. पैलवानाचा फोटो, तालीम, इनाम. रक्ताचा थेंब नसतो, तरी कोल्हापूरचं खासबाग भरतं. लोक जोड बघायला येतात.

लढतीला वेळेची मर्यादा ठेवा. १९९४ च्या डिसेंबरात यूएफसीची अंतिम लढत लांबली, प्रक्षेपणाची वेळ संपली आणि घरी पैसे भरून बसलेल्या कित्येकांना शेवट दिसलाच नाही.

प्रायोजकांचं म्हणाल तर पतसंस्था, दूध संघ, ट्रॅक्टरचे डीलर यांना विचारा. पत्रकावर रक्त असेल तर त्यांतला एकही आपलं नाव खाली छापू देणार नाही.

एक मात्र आहे, आमचा भाग कुस्तीचा. शहरात गावाच्या नावावर गर्दी होईलच असं नाही. तिथे दोन क्लबांत जोड लावा. आणि डोक्याला मार लागतो, हे घरच्यांना आधी सांगून लेखी संमती घ्या. डॉक्टर रिंगशेजारी आणि रुग्णवाहिका दारात आल्याशिवाय पहिली लढत सुरू करू नका, प्रमुख पाहुणे कितीही खोळंबले तरी.