थाई स्वरांची जागा आणि लांबी

प्रश्न : मुलगी नोकरीनिमित्त बँकॉकला असते, म्हणून मी घरीच थाई लिपी शिकत आहे. काही स्वर व्यंजनाच्या आधी लिहितात, त्यामुळे वाचताना अडखळायला होते. शिवाय तिच्या शेजाऱ्यांना चार ओळी लिहून पाठवायच्या असतील, तर रोमन लिपी चालेल का?
– एक वाचक, मुलुंड, मुंबई

उत्तर : आधी लिहून नंतर उच्चारायचा स्वर आपल्याला नवा नाही; ‘कि’मधली पहिली वेलांटी तशीच आहे. आपल्याकडे अशी एक खूण, थाईत पाच : ए, ॲ, ओ यांची प्रत्येकी एक आणि ‘आइ’च्या दोन. या दोन्हींचा उच्चार आज एकच असून त्यांपैकी एक अवघ्या २० शब्दांत येते. ते शब्द थाई मुलेही पाठच करतात. शब्दारंभी स्वर असेल, तर एका मूक व्यंजनाला खुणा जोडतात. सावरकरांनी सुचवलेली ‘अि, अी, अु’ ही ‘अ’ची बाराखडी ज्यांनी पाहिली आहे, त्यांना हे लगेच उमगेल.

खरी मेहनत आहे ती स्वराच्या लांबीची, कारण मराठीत बोलताना ऱ्हस्व-दीर्घाकडे आपण सर्रास काणाडोळा करतो. थाईत ‘रक’ म्हणजे प्रेम आणि ‘राक’ म्हणजे झाडाचे मूळ. त्यातही ऱ्हस्व ‘रक’ उंच सुरात, तर दीर्घ ‘राक’ उतरत्या सुरात म्हणावा लागतो, म्हणजे लांबी चुकली की सूरही चुकतो. थायलंडच्या अधिकृत रोमन लेखनपद्धतीत स्वराची लांबी आणि सूर दोन्ही दाखवत नाहीत, त्यामुळे तिथे या दोन्ही शब्दांचे स्पेलिंग एकच होते. रस्त्यावरच्या पाट्यांपुरते ते ठीक आहे. पत्र मात्र थाई लिपीतच लिहावे.

मोबाइलवर लिहिताना हाताची एक सवय मोडावी लागेल. ‘कि’ टंकताना आपण आधी ‘क’ आणि मग वेलांटी दाबतो. थाईत मात्र आधी दिसणारा स्वर आधीच दाबायचा असतो. ‘ॲ’ची खूण ‘ए’च्या दोन खुणा शेजारी ठेवल्यासारखी दिसते, पण ती स्वतंत्र कळ आहे. ‘ए’ दोनदा दाबल्यास डोळ्यांना फरक जाणवत नाही, शोध घेताना वा शब्दकोशात मात्र तो शब्द सापडत नाही. शब्दाशब्दांत जागा सोडू नये. ती वाक्य किंवा वाक्यांश संपल्यावर सोडतात.