‘वर्गमूळ दिसलं की तिला रडू येतं’

“मॅडम, आठवीपर्यंत गणितात बरी होती हो. नववीत करणी, म्हणजे √२ सारखी पूर्ण न सुटणारी मुळं, आल्या आणि आता वही उघडली की रडते. गणित तिच्या डोक्यात शिरणारच नाही, असं समजायचं का?” हा प्रश्न दरवर्षी कुणी ना कुणी आई विचारते. या वेळी मुलगीही सोबत होती, वही छातीशी धरून.

वहीच्या एका पानाला खोडरबरानं भोक पडलं होतं. त्याभोवती पुन्हा पुन्हा एकच ओळ: √(क्ष² + ९) = क्ष + ३. आईला बाहेर बसवलं आणि विचारलं, “ही ओळ कशी आली, सांग बघू.”

“वर्ग आणि मूळ कटतं ना? आणि ९ चं ३.”

√(४ × ९) म्हणजे २ × ३, हे ती बिनचूक सांगत होती. गुणाकाराला चालणारी सूट तिनं बेरजेलाही दिली होती, एवढंच. या चुकीमागे विचार असतो, आणि आपण ‘लक्ष कुठे असतं तुझं?’ म्हणून मोकळे होतो. मला याचं फार वाईट वाटतं.

“क्ष ४ धर,” मी म्हटलं. (शून्य मुद्दाम टाळलं, शून्य धरला तर दोन्हीकडे ३ येतात आणि चूक लपते.) डावीकडे १६ अधिक ९, पंचवीस, मूळ ५. उजवीकडे ७. ती बराच वेळ त्या दोन आकड्यांकडे बघत राहिली.

“म्हणजे याचं पुढे काहीच होत नाही?”

नाही होत. ते तसंच ठेवायचं. काही न करणं हेही उत्तर असतं, हे तिला कुणी सांगितलंच नव्हतं.

मग √५० + √१८ दिलं. थोडी थांबली, पण √६८ लिहिलं नाही. २५ × २, ९ × २. ५√२ अधिक ३√२, म्हणजे ८√२.

आईला म्हटलं, शिकवणी वाढवू नका. चुकलेलं खोडू देऊ नका. शेजारी शून्य सोडून एखादा आकडा घालून ताळा करू द्या.

पंधरा दिवसांनी ती आली तेव्हा वही उघडूनच. “मॅडम, √क्ष² म्हणजे क्ष, हेही तपासलं. क्ष उणे ३ घेतला तर मूळ ३ येतं, उणे ३ नाही! म्हणून उदाहरणात ‘क्ष धन आहे’ असं लिहितात का?”