गोलमालची मिशी आणि पहेलीचं भूत

प्रश्न : ताई, गोलमाल लागला की आमचे आईबाबा जेवण सोडून टीव्हीसमोर बसतात. मला अमोल पालेकर तेवढेच माहीत, साधे, बँकेतल्या क्लार्कसारखे. परवा मित्र म्हणाला शाहरुखचा पहेली त्यांनीच डायरेक्ट केलाय. खरंय का? (एक कॉलेजकुमार, सांगली)

उत्तर : खरंय रे बाबा. आणि क्लार्कसारखे म्हणालास ना, तर ते खरोखरच बँक ऑफ इंडियात नोकरीला होते. शिक्षण जेजे स्कूल ऑफ आर्टमध्ये, चित्रकलेचं, आणि नाटकाचं वेड नाट्यदिग्दर्शक सत्यदेव दुबेंच्या संगतीत. दुबेंनी 'शांतता! कोर्ट चालू आहे'चा सिनेमा केला १९७१ ला, त्यात पालेकर होते, मग १९७४ चा रजनीगंधा, मग छोटी सी बात, चितचोर, आणि १९७९ च्या गोलमालला थेट फिल्मफेअर.

पण तो 'साधा' शिक्का मला कधीच पटला नाही. १९७७ चा घरौंदा बघ, मुंबईत घर काही मिळेना म्हणून हा माणूस स्वतःच्या प्रेयसीला सांगतो की आजारी बॉसशी लग्न करून टाक, बॉस म्हणजे आपले डॉ. लागू. त्याच वर्षीच्या भूमिकामध्ये तर बायकोच्या कमाईवर जगणारा केशव दळवी, समोर स्मिता पाटील. चेहरा तोच, मऊ आवाज तोच, आणि बघताना डोक्यात तिडीक जाते. हे जमायला नट लागतो, नुसता गोड चेहरा असून भागत नाही.

प्रश्न : पालेकरांचं नाव बघून आम्ही मैत्रिणी बनगरवाडी लावून बसलो, म्हटलं मस्त हसू, आणि शेवटी सगळ्या गप्प! दिग्दर्शक झाल्यावर विनोदी का नाही हो करत? (ठाण्याहून एक काकू)

उत्तर : काकू, तुम्ही तरी स्वस्तात सुटलात. त्यांचा पहिलाच सिनेमा आक्रीत, १९८१ चा, म्हणजे गोलमालनंतर दोनच वर्षांनी, पटकथा विजय तेंडुलकरांची आणि विषय मानवतचं नरबळी प्रकरण, वर त्यातला मुख्य माणूस स्वतःच झालेत. लोकांना हवा होता तो बससाठी लाइनीत उभा राहणारा हीरो, आणि यांनी काढलं हे! बनगरवाडी १९९५ चा, व्यंकटेश माडगूळकरांच्या कादंबरीवर. माणदेशातली धनगरांची वस्ती, तिथे नवखा पोरसवदा मास्तर येतो, हळूहळू त्यांच्यातलाच होतो, सगळे मिळून तालीम बांधतात आणि मग दुष्काळ पडतो न् वस्तीच उठते. यात हसणार कुठे? पुढे कैरी जी. ए. कुलकर्णींच्या कथेवर, ध्यासपर्व र. धों. कर्व्यांवर, ज्यांनी १९२१ मध्ये मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं आणि लोकांच्या शिव्या खाल्ल्या. किशोर कदम काय बसलाय त्यात! हलकंफुलकं हवंच असेल तर थोडासा रूमानी हो जाएँ बघा, नाना पाटेकर पाऊस पाडायला येतो.

प्रश्न : आता कामच करत नाहीत का? (पुणे)

उत्तर : करतात की. २०२१ चा २०० हल्ला हो, २०२३ चा गुलमोहर. मोजकंच.

प्रश्न : दिग्दर्शक पालेकर बघायचेत, सुरुवात कशाने करू? आम्ही न्यू जर्सीत, वेळ फक्त वीकेंडला. (एक वाचक)

उत्तर : मग शनिवारी अनाहत, रविवारी पहेली, याच क्रमाने. अनाहत २००३ चा मराठी, राजाला मूल होत नाही म्हणून राणीने एका रात्रीपुरता दुसरा पुरुष निवडायचा असं दरबार ठरवतो, आणि सकाळी परत आलेली राणी आदल्या दिवसाची राहिलेली नसते. सोनाली बेंद्रे आणि अनंत नाग. दोन वर्षांनी पहेली, विजयदान देथांची राजस्थानी कथा (हिच्यावर मणि कौलनी १९७३ मध्ये दुविधा केला होता, तो अगदी शांत, संथ). नवरा लग्नाच्या दुसऱ्याच दिवशी धंद्याला निघून जातो, त्याचं रूप घेऊन भूत येतं, पण बायकोला खरं काय ते सांगून टाकतं आणि निर्णय तिच्यावर सोडतं. प्रश्न दोन्हीकडे तोच, बाईला काय हवंय हे तिला कुणी विचारलंय का, फक्त अनाहतमध्ये मोजकी माणसं आणि पहेलीत स्टार, रंग, गाणी. पहेली ऑस्करला भारतातर्फे गेला होता, पण मला विचाराल तर अनाहत जास्त आत जातो.

आणि एक आगाऊपणा करते. गोलमालमध्ये एकच माणूस मिशी काढून जुळा भाऊ बनतो आणि पोरगी बिनमिशीवाल्याच्या प्रेमात पडते, पहेलीत चेहरा एकच आणि बाईला आवडतो तो खोटा नवरा. सांगलीकर, आईबाबांना पहेली दाखव आणि हे सांग, बघ काय म्हणतात ते.