साधा फादर बहिष्कार उठवू शकतो का?

आपण दोन गोष्टी विचारल्या आहेत. बहिष्काराला पात्र ठरणारा अपराध एखाद्या कॅथलिकाने पापनिवेदनात सांगितला, तर समोरचा फादर त्याला क्षमा करू शकतो, की प्रकरण रोमला जाते? आणि फादरने ते बाहेर सांगितले तर काय होते? मी बडोद्याच्या फतेहगंजमध्ये राहणारा, मूळ वसईच्या घरातला कॅथलिक आहे. पेशाने वकील असल्यामुळे चर्चचा कायदा हौसेने वाचत आलो आहे.

गोंधळ होतो तो पाप आणि दंड एकच समजल्याने. बहिष्कार (एक्सकम्युनिकेशन) हा चर्चच्या कायद्याचा दंड असून बहिष्कृताला कोणताही संस्कार घेण्याची मनाई असते. पापक्षमा हाही संस्कारच असल्याने दंड सुटल्याखेरीज क्षमेपर्यंत पोहोचताच येत नाही. दीक्षा झालेला प्रत्येक पुरोहित मिस्सा (चर्चमधली मुख्य उपासना) अर्पण करू शकतो, पण पापक्षमेसाठी त्याला वेगळा अधिकार लागतो, जसे नुसती कायद्याची पदवी घेऊन कोर्टात उभे राहता येत नाही, सनद लागते. आणि पापक्षमेचा अधिकार असला म्हणजे दंड उठवण्याचा असतोच असे नाही.

मात्र दंड लागला आहे का, हे आधी पाहावे लागते. सोळा वर्षे पूर्ण न झालेल्याला तो लागत नाही, आणि या कृत्याला असा दंड आहे हे ज्याला स्वतःचा दोष नसताना ठाऊकच नव्हते, त्याला आपोआप, म्हणजे कृत्य होताच निकालाशिवाय, लागू होणारा बहिष्कार बाधत नाही. माझ्या मते निम्मी प्रकरणे इथेच मिटावीत.

दंड लागलेलाच असेल, तर तो चर्चच्या अधिकाऱ्याने जाहीर केला आहे की नाही, यावर पुढचे सारे अवलंबून असते. जाहीर न झालेला बहिष्कार, तो रोमसाठी राखीव, म्हणजे एरवी रोमनेच उठवायचा, असला तरी, साधा फादरही पापनिवेदनातच उठवू शकतो. अट अशी की सक्षम अधिकाऱ्याकडून सुटका होईपर्यंत गंभीर पापाच्या अवस्थेत राहणे त्या व्यक्तीला जड जात असले पाहिजे. मग एका महिन्याच्या आत सक्षम अधिकाऱ्याकडे अर्ज करावा लागतो. न केल्यास दंड पुन्हा लागतो. हा अर्ज फादर स्वतः करू शकतो आणि त्यात नाव लिहायचे नसते. म्हणजे रोमला जाते ते पत्र, माणूस नव्हे. आपोआप बहिष्कार ओढवणाऱ्या गर्भपाताच्या बाबतीत पोप फ्रान्सिस यांनी २० नोव्हेंबर २०१६ च्या पत्राने सर्वच पुरोहितांना क्षमेचा अधिकार दिला. मरण समोर असेल, तर अधिकार काढून घेतलेला पुरोहितसुद्धा कोणत्याही पापातून आणि बहिष्कारातून मुक्त करू शकतो.

आता दुसरा प्रश्न. पापनिवेदनात ऐकलेले गुपित राखण्याचे बंधन १२१५ च्या चौथ्या लॅटरन परिषदेने, म्हणजे रोममध्ये भरलेल्या चर्चच्या महासभेने, सार्वत्रिक कायद्यात घातले. फादरने ते थेट फोडले, तर त्याला आपोआप बहिष्कार लागतो आणि तो रोमसाठी राखीव आहे. गुपित न फोडतासुद्धा ऐकलेली माहिती त्या व्यक्तीचे नुकसान होईल अशा रीतीने वापरण्याची त्याला मनाई आहे.

याचा मला थोडा अनुभव आहे. माझी आजी वसईहून आमच्याकडे राहायला आली तेव्हा तिला गुजराती येत नव्हते आणि आमच्या मल्याळी फादरांना मराठी येत नव्हते. कायद्याला दुभाषा चालतो, म्हणून ईस्टरच्या आधी तिने मलाच शेजारी उभे केले. फादरांनी गळ्यात जांभळा पट्टा घातला, पण तिच्याकडे वळण्याआधी मला बजावले, की आता तूही बांधला गेलास. दुभाष्याने तोंड उघडले तर दंड आपोआप लागत नाही, प्रकरण पाहून ठरवतात. मात्र तो बहिष्कारापर्यंत जाऊ शकतो. रिक्षातून परतताना आजीने विचारले, "सगळं नीट सांगितलंस ना रे?" मी नुसती मान हलवली.