प्राचीन आयरिश लोक नेमके कोण होते? त्यांची संस्कृती आणि पुराणकथा आपल्यासारख्याच आहेत, ड्रुइड म्हणजे द्रविड आणि त्यांची दनू म्हणजे आपलीच दनू, हे खरं आहे का?

शेवटचा भाग आधी निकालात काढतो. ड्रुइड, म्हणजे त्या लोकांचे पुरोहित-विद्वान, हे द्रविड नव्हेत. तो फॉरवर्ड आमच्या फॅमिली ग्रुपवरही दर दोन-चार महिन्यांनी येतो, आणि मी डब्लिनला राहतो म्हणून काका तो खास माझ्या नावानिशी टाकतात.

खरी व्युत्पत्ती त्यापेक्षा मजेदार आहे. 'ड्रुइड'च्या मागे जो जुना शब्द आहे त्याचा उत्तरार्ध म्हणजे वेद, विद्या, विद्वान यांतला 'विद्'. पूर्वार्धाबद्दल भाषातज्ज्ञ भांडतात. बरेच जण तो झाडाशी, आपल्या 'द्रुम' आणि देवदारातल्या 'दारु'शी जोडतात. गायीला आयरिशमध्ये 'बो' म्हणतात, तो आपल्या 'गो'चा सख्खा भाऊ. राजा म्हणजे 'री'. शिकारी कुत्रा म्हणजे 'कू', आणि त्याचं नातं 'श्वान'शी. म्हणून कोणी इथून उठून तिकडे गेलं असं होत नाही. एका जुन्या भाषेच्या दोन फांद्या, एक पूर्वेला वाढली आणि एक पश्चिमेच्या टोकाला, एवढंच.

दनूचं प्रकरण जरा नाजूक आहे. त्यांच्या देवांच्या कुळाला 'तुआहा डे दानन' म्हणतात, पण जुन्या आयरिश हस्तलिखितांत 'दनू' हे रूप मिळत नाही. मिळतं ते 'दानन'. ती षष्ठी धरून अभ्यासकांनी मागाहून प्रथमा बनवली. षष्ठीवरून घडवलेल्या प्रथमेच्या जोरावर दानवांची आई आयर्लंडला पोचवणं मला तरी धाडसाचं वाटतं. आणि हो, त्यांच्या दगडांवरच्या ओघम लिपीचा आजचा उच्चार 'ओअम'सारखा होतो. तोही आपला ॐ नाही. त्या लिपीत दगडाच्या कडेवर आडव्या-तिरप्या रेघा मारलेल्या असतात, खालून वर वाचायच्या. मजकूर बहुतेक वेळा 'अमक्याच्या मुलाचा, तमक्याचा' एवढाच.

आता मुख्य प्रश्न. 'प्राचीन आयरिश लोक' असे एकच लोक कधी नव्हते. इ.स.पू. ८०००च्या आसपास मासे, रानडुकरं आणि हेझलच्या बियांवर जगणारे लोक आले. इ.स.पू. ३८००च्या सुमारास शेतकरी आले. त्यांचं मूळ मागे मागे नेलं तर आजच्या तुर्कस्तानापर्यंत जातं. इ.स.पू. २५००नंतर आणखी एक लाट आली, आणि आजच्या आयरिश माणसाचा डीएनए मुख्यत्वे या शेवटच्या लोकांशी जुळतो. 'केल्ट' हे नाव त्यांनी स्वतःला कधी लावलं नाही. ते त्यांना सोळाव्या-अठराव्या शतकांतल्या पंडितांनी चिकटवलं. रोमनांनी ब्रिटन घेतलं पण आयर्लंड घेतलं नाही. म्हणून पाचव्या शतकात ख्रिस्ती धर्म आला तेव्हा जुनी समाजरचना बऱ्यापैकी शाबूत होती.

डब्लिनपासून साधारण पन्नास किलोमीटरवर बॉइन नदीकाठी न्यूग्रेंज आहे. कोणी पाहुणा आला की मी त्याला तिथेच नेतो. इ.स.पू. ३२००च्या आसपासची ही दफनवास्तू, म्हणजे गिझाच्या पिरॅमिडपेक्षा जुनी. बाहेरची चकचकीत पांढऱ्या गारगोट्यांची भिंत मात्र आत्ता विसाव्या शतकात उभारलेली आहे, तिच्या मागे काँक्रीट आहे आणि ती मुळात तशीच होती का यावर वाद आहे. फोटो सगळे तिचेच काढतात. खरी गंमत आत आहे. एकोणीस मीटरचा बोळ, काही ठिकाणी अंग चोरून तिरकं व्हावं लागतं. टोकाला खोली, आणि वर एकावर एक पुढे सरकवत नेलेल्या शिळांचं सहा मीटर उंच छत. चुना नाही, आणि पाच हजार वर्षांत ते गळलेलं नाही. (आमच्या सोसायटीच्या गच्चीचा विषय इथे काढत नाही.) दाराच्या वर एक झरोका आहे. वर्षातल्या सगळ्यात लहान दिवशी, २१ डिसेंबरच्या आसपास, उगवत्या सूर्याची तिरीप त्यातून शिरते आणि जेमतेम सतरा मिनिटं जमिनीवरून आत सरकत जाते. २१ डिसेंबर १९६७ला पुरातत्त्वज्ञ मायकेल ओकेली यांनी आत उभं राहून ते पाहिलं. आता त्या दिवसांसाठी सोडत निघते. माझा नंबर अजून लागलेला नाही. एरवी गाइड दिवे घालवतात, दोन क्षण डोळे उघडे की मिटलेले तेही कळत नाही, आणि मग एक बल्ब लावून ती तिरीप दाखवतात. बल्ब आहे हे माहीत असूनही सगळे गप्प होतात.

बांधणारे कोणती भाषा बोलत होते ते कोणालाच ठाऊक नाही. बहुधा आयरिश तर नाहीच. पण नंतर आलेल्या लोकांनी हा ढिगारा पाहिला, आत देव राहतात असं ठरवलं, आणि कथा रचली. दाग्दा हा देवांचा बाप. त्याने सगळ्या देवांना राहायला टेकड्या वाटून दिल्या आणि एंगस या मुलाला विसरला. एंगस म्हणाला, "ठीक आहे, तुमच्या या घरात मला दिवस आणि रात्र राहू द्या." दाग्दा हो म्हणाला. मुदत संपली तसं त्याला बाहेर निघायला सांगितलं, तर हा म्हणतो, "जग दिवस आणि रात्र यांतच तर सरतं, आणि तेच तुम्ही मला दिलंत." घर गेलं.

इंग्रजी अनुवादात या कथेला तळटीप लागते, कारण तिथे 'एक' लावल्याशिवाय वाक्य उभं राहत नाही आणि 'एक' लावलं की डाव फसतो. जुन्या आयरिशमध्ये 'एक' लावावं लागत नव्हतं. मराठीतही लागत नाही. 'दिवसरात्र राहू दे' म्हणजे चोवीस तास की कायमचं? मी ही कथा आईला फोनवर सांगितली, तर समजावण्याआधीच ती हसली आणि म्हणाली, "मेला वामनच की!" साम्य शोधायचंच तर मला असं आवडतं.

त्याच परिसरात डाउथ नावाची दुसरी टेकडी आहे. तिची जुनी कथा अशी की ब्रेसल राजाने स्वर्गापर्यंत बुरूज बांधायला घेतला, बहिणीने मंत्राने सूर्य थांबवून धरला, मग राजाने तिच्याशीच संग केला, मंत्र तुटला आणि अंधार पडला. डाउथच्या मूळ नावाचा संबंध काळोखाशीच आहे. २०२०मध्ये डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजातल्या संशोधकांनी न्यूग्रेंजमध्ये पुरलेल्या एका पुरुषाचा डीएनए तपासला. त्याचे आईबाप सख्खे भाऊबहीण किंवा जनक आणि अपत्य असावेत असं निघालं. इथली वर्तमानपत्रं हरखून गेली: चार हजार वर्षांची लोकस्मृती! मला मोह होतो, पण पटत नाही. मधल्या काळात जवळजवळ सगळी वस्ती बदलली, भाषा बदलली, आणि कथा लिहिली गेली मध्ययुगात. काळोखाचं नाव आणि थांबलेला सूर्य यांवरून कोणीही कथाकार तिथवर पोचला असता.

आता ख्रिस्ती धर्म आला त्या सुमाराच्या समाजाकडे वळतो. नाणी नव्हती, शहरं नव्हती, संपत्ती म्हणजे गुरं. देशभर दीडशेच्या आसपास छोटे राजे. प्रत्येक माणसाची एक किंमत ठरलेली असे आणि तिचं नावच 'तोंडाची किंमत'. अपमान झाला, शब्द मोडला, की तेवढी भरपाई द्यायची. नाक कापलं जाणं हा तिथे शब्दशः हिशेबाचा मामला होता. कवीने कोणावर निंदाकाव्य रचलं की त्याच्या चेहऱ्यावर फोड उठतात असं लोक मानत, त्यामुळे राजेसुद्धा कवींना वचकून असत.

आणि इथे एक दुवा मला खरंच आपला वाटतो. मोठ्या माणसाकडे तुमचं येणं असेल तर त्याच्या दारात जाऊन उपाशी बसायचं. सातव्या-आठव्या शतकातल्या आयरिश कायद्यात हे नियमांसकट लिहिलेलं आहे. तुम्ही उपाशी असताना तो तारण न देता जेवला तर तो दोषी. त्याने रीतसर तयारी दाखवूनही तुम्ही उपास चालूच ठेवला तर तुमचं येणं बुडालं. पेशवाई संपल्यावर एल्फिन्स्टनने १८१९च्या अहवालात आपल्याकडच्या 'तगाद्या'चं वर्णन केलंय, तेही हेच: दारात ठाण मांडणं, उपास, धरणं. आज आपण 'तगादा लावला' म्हणतो तेव्हा त्यातला उपास विसरलेलो असतो. १८७५मध्ये हेन्री मेन या इंग्रज कायदेपंडिताने आयरिश उपास आणि हिंदुस्थानातलं धरणं शेजारी शेजारी ठेवून पाहिलं. ही चाल एकाच मुळातून आली की दोन्हीकडे आपोआप सुचली, हे ठरवणं मात्र भाषेइतकं सोपं राहत नाही.

त्यांचं महाकाव्य म्हणावं असं 'तॉइन बो कूल्न्या'. नावाचा अर्थच मुळी 'कूल्न्याची गुरं पळवणं'. राणी मेव्ह आणि तिचा नवरा अलिल अंथरुणात पडल्या पडल्या कोणाची संपत्ती जास्त यावर वाद घालतात. भांडी, अंगठ्या, मेंढ्या, डुकरं, सगळं आणून मोजतात. बरोबरी होते, फक्त नवऱ्याकडे एक पांढऱ्या शिंगांचा बैल जास्त निघतो. तोही मूळ तिच्याच कळपातला, पण बाईच्या मालकीचा म्हणवून घेणं नको म्हणून तिकडे गेलेला! मग तोडीस तोड तपकिरी बैल हवा म्हणून ती उत्तरेकडच्या अल्स्टर प्रांतावर स्वारी करते. अल्स्टरचे पुरुष नेमके अंथरुणाला खिळलेले, कारण एका गरोदर बाईला त्यांनी घोड्यांशी शर्यत लावायला भाग पाडलं होतं आणि ऐन संकटात तुम्हाला बाळंतपणाच्या वेणा लागतील असा तिचा शाप होता. राहतो एकटा सतरा वर्षांचा कू खुलन. त्याचं आणि त्याच्या जिवलग मित्राचं, फेरडियाचं, नदीच्या उतारात युद्ध होतं, आणि सुरुवातीला रोज संध्याकाळी दोघं एकमेकांना औषधपाणी पाठवतात. शेवटी दोन्ही बैल झुंजतात, तपकिरी बैल पांढऱ्याला फाडून त्याचे तुकडे देशभर सांडत जातो आणि जिथे जे पडलं त्यावरून गावांची नावं पडतात. गॉलवेच्या गाडीत अॅथलोन स्टेशन आलं की मला कमरेचा तुकडा आठवतो. स्थळमाहात्म्याची हौस त्यांनाही आपल्याइतकीच.

हे सगळं लिहून ठेवलं ते ख्रिस्ती मठांतल्या लेखकांनी, म्हणजे ज्यांना हे देव मानायचे नव्हते त्यांनी. ट्रिनिटीच्या ग्रंथालयात बाराव्या शतकातलं एक हस्तलिखित आहे. त्यात तॉइन संपल्यावर आयरिशमध्ये आपल्या पोथीसारखी फलश्रुती येते: जो कोणी ही कथा अशीच पाठ करेल आणि तिला दुसरं रूप देणार नाही, त्याला आशीर्वाद. आणि लगेच खाली लॅटिनमध्ये लिहिलंय, त्याचा आशय असा: ही कथा, खरं तर दंतकथा, मी उतरवली खरी, पण यातल्या काही गोष्टींवर माझा विश्वास नाही. काही सैतानाच्या चाळ्यांपैकी, काही कवींच्या कल्पना, काही खऱ्या वाटतील अशा, काही नाही, आणि काही निव्वळ मूर्खांच्या करमणुकीसाठी.