ग्रीक अभिनेत्री आयरीन पापास फक्त 'झोर्बा'मुळेच ओळखल्या जातात का? त्यांनी आणखी काय केलं?

नाही हो, 'झोर्बा द ग्रीक' (1964) मधली ती विधवा लोकांच्या लक्षात राहिली इतकंच. त्या भूमिकेत संवाद जवळजवळ नाहीतच, सगळं काम डोळ्यांचं.

कॉरिंथजवळच्या खिलिओमोदी गावात जन्मलेल्या या बाईंची खरी ताकद माझ्या मते ग्रीक शोकांतिकांमध्ये दिसते. मायकेल काकोयानिस यांच्या 'इलेक्ट्रा'त (1962) त्या आईवर सूड उगवणारी मुलगी आहेत आणि पंधरा वर्षांनी त्याच दिग्दर्शकाच्या 'इफिजेनिया'त (1977) तीच आई, क्लायटेम्नेस्ट्रा. मधल्या काळात 'द ट्रोजन विमेन'मध्ये (1971) हेलनही झाल्या, तीही कॅथरिन हेपबर्न समोर असताना! एकच बघायचा असेल तर 'इफिजेनिया' बघा.

हॉलिवूडने 'द गन्स ऑफ नॅव्हरोन' (1961) दिला, पण एकूण त्यांचा वापर कमीच केला असं मला वाटतं. 1967 मध्ये ग्रीसमध्ये लष्करशहा सत्तेवर आले. बाईंनी उघड विरोध केला आणि देशाबाहेर राहिल्या. कोस्ता गावरास यांचा 'झेड' (1969) त्याच राजवटीला झोंबणारा, त्यातही त्या आहेत.

गाण्याचंही अंग होतं. ग्रीक संगीतकार व्हँगेलिस यांच्यासोबत त्यांनी ग्रीक लोकगीतांचा आणि बायझंटाईन (जुन्या ग्रीक चर्चमधल्या) स्तोत्रांचा असे अल्बम केले.

1948 पासून पडद्यावर असलेल्या पापास 2003 च्या सुमारासही काम करत होत्या. 2009 मध्ये व्हेनिसच्या नाट्य महोत्सवात जीवनगौरव म्हणून सुवर्णसिंह पुरस्कार मिळाला. सप्टेंबर 2022 मध्ये त्या गेल्या.