मुलाचा उरलेला बोनस: पिचिंगला, फ्लॅटला की कॉलेजला?

न्यू जर्सीतल्या एका ताईंचं पत्र आहे. मुलगा बेसबॉलमधला उजव्या हाताचा पिचर, म्हणजे चेंडू फेकणारा. कॉलेजचं तिसरं वर्ष संपताच २०२२च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे क्लबांच्या खेळाडू-निवडीत, चौदाव्या फेरीत निवडला गेला, करारावर सही करताना १,२५,००० डॉलर बोनस मिळाला. पुढच्याच वर्षी कोपराचा लिगामेंट फाटला, टॉमी जॉन शस्त्रक्रिया झाली, आणि मार्च २०२५मध्ये क्लबने त्याला सोडलं. आता तो पंचवीस वर्षांचा आहे. ४८,००० डॉलर शिल्लक आहेत. त्यातले १५,००० खर्चून त्याला चार महिने खाजगी प्रशिक्षण घ्यायचंय आणि मे महिन्यात मोठ्या क्लबांशी न जोडलेल्या स्वतंत्र लीगमध्ये उतरायचंय. यजमानांचा आग्रह आहे की त्या पैशांत पुण्यात वाकडला फ्लॅट बुक करावा.

ताई, पहिली गोष्ट म्हणजे ‘एवढे पैसे गेले कुठे’ असं त्याला विचारू नका. बोनसमधून फेडरल कर, राज्याचा कर, एजंटचं कमिशन गेलं. लो-ए या खालच्या व्यावसायिक पातळीवर वर्षाचा पगार खेळाडू संघटनेच्या २०२३च्या करारानंतर २६,२०० डॉलर झाला, त्याआधी तो ११,०००च्या आसपास होता. एवढ्यात राहून, खाऊन ४८,००० राखणारा मुलगा उधळ्या नाही.

पत्राच्या शेवटी तुम्ही जाता जाता लिहिलंय की त्याच्या करारात कॉलेजच्या उरलेल्या दोन सेमिस्टरसाठी प्रत्येकी १८,००० डॉलरची तरतूद आहे. मी ती ओळ तीनदा वाचली. म्हणजे ३६,००० डॉलर, त्याच्या शिलकीच्या पाऊणपट! पण बेसबॉलच्या या शिष्यवृत्ती योजनेत खेळ सुटल्यापासून दोन वर्षांच्या आत शिक्षण पुन्हा सुरू करावं लागतं. त्याची मुदत मार्च २०२७ला संपते. त्याआधी सेमिस्टर दोनच: ऑगस्ट २०२६ आणि जानेवारी २०२७. जानेवारीवर विसंबू नका. प्रवेशाचा एखादा कागद अडला तर सगळंच हातचं जाईल.

म्हणून माझा सल्ला असा, की ऑगस्टचा प्रवेश आत्ताच नक्की करा आणि तोवर त्याला खेळू द्या. हो, खेळू द्या. रात्री अकराला गॅरेजमधून चेंडू जाळीवर आदळल्याचा आवाज येतो आणि तुम्ही स्वयंपाकघरात ओटा पुसत थांबता, असं तुम्ही लिहिलंय. त्या मुलाला ‘आता पुरे’ म्हणायला मी सांगणार नाही. मात्र प्रशिक्षणाला १५,००० देऊ नका, ६,००० पुरेत. शस्त्रक्रियेनंतर वेग किती परत आलाय, ते रडार गनवर दोन दिवसांत कळतं. ते आकडे बघूनच पुढचे पैसे भरा. स्वतंत्र लीगचा पगार तुटपुंजा असतो आणि तोही हंगामापुरताच, त्यामुळे तिथून खर्च भरून निघेल असं धरू नका. ऑगस्टपर्यंत एखाद्या क्लबने बोलावलं तर आनंदच आहे, पण सही करण्याआधी शिक्षणाच्या तरतुदीचं काय होणार ते लेखी घ्या.

नोव्हेंबरमध्ये तो सव्वीसचा होईल आणि तुमच्या आरोग्य विम्यातून बाहेर पडेल. कोपर एकदा उघडलेल्या खेळाडूला एक महिनाही विम्याशिवाय ठेवू नका. कॉलेजची विद्यार्थी योजना आणि सरकारी मार्केटप्लेस या दोन्हींचे हप्ते सप्टेंबरमध्येच काढून ठेवा.

फ्लॅटबद्दल यजमानांना वाईट वाटेल, तरी स्पष्ट सांगते. बांधकाम चालू असलेल्या इमारतीचे हप्ते दर टप्प्याला भरावे लागतात, आणि मुलाला आज नोकरी नाही. उद्या पैसे लागले तर अमेरिकेत बसून पुण्यातला फ्लॅट विकणं, त्यावरचा टीडीएस सोडवणं, यात वर्ष जाऊ शकतं. शिवाय हे पैसे त्याच्या कोपराने मिळवलेत. त्यावर घराची स्वप्नं बांधायची तर ती त्याची असावीत. २५,००० डॉलर हाय-यील्ड, म्हणजे जास्त व्याजाच्या, बचत खात्यात ठेवा. यंदा खेळून जी कमाई होईल तेवढी रक्कम, ७,५००च्या मर्यादेत, रॉथ आयआरए या निवृत्ती खात्यात घालू द्या.

या आठवड्यात दोन कामं करा. मूळ करार काढून शिष्यवृत्तीच्या कलमातली तारीख आणि रक्कम वाचा, मग कॉलेजच्या रजिस्ट्रारला फोन करून त्याचे जुने क्रेडिट अजून धरले जातात का ते विचारा. फोन त्यालाच करू द्या.